लोहारसाहेब

नाव लोथार. हरिपुरात कुणाच्या जिभेवर ते बसेना.
तवनाप्पा चौगुल्यांनी पहिल्याच संध्याकाळी वहीत लिहिलं:
लोहारसाहेब, मुक्काम जर्मनी,
खोलीभाडं रोजचं नऊ रुपये, दूध वेगळं.

सोबत चार माणसं, अकरा पेट्या,
आणि नाकाची सालपटं निघतील असं ऊन.
त्याला पेव हवं होतं.
तोंड परातीएवढं, पोट खोलीएवढं,
वर्षाची हळद गिळून गप्प बसलेलं.
झाकण काढल्या काढल्या
माणूस आत उतरताना दिसायला हवा, म्हणाला,
अकराला सूर्य बरोबर तोंडावर येतो.
माझ्या अप्पांनी मान हलवली.
आतली हवा मेलेली असते, साहेब.
कंदील आधी. माणूस मागनं.
कंदील विझला तर माणूसबी विझतो.

दोन दिवस तो घाटावर रुसून बसला.
तिसऱ्या दिवशी म्हणाला, मग कंदीलच उतरवा.
त्या चित्रात म्हणे सहा मिनिटं
नुसता एक कंदील खाली जातो.

वरनं उजेड टाकायला मी होतो,
वय बारा, हातात शिवाप्पा न्हाव्याचा आरसा.
पुढं तिकडच्या कुठल्याशा वर्तमानपत्रानं लिहिलं,
या चित्रातला प्रकाश श्वास घेतो.
त्यानंच पत्रातून कळवलं,
तवनाप्पांच्या जावयानं वाचून दाखवलं.
माझा हात दुखत होता, इतकंच.

जाताना रिळाचा एक रिकामा डबा ठेवून गेला.
आईनं त्यात चटणी भरली.

दुसऱ्यांदा आला तो निर्माता होऊन.
पोट सुटलेलं, मनगटावर जाड घड्याळ.
दिग्दर्शक दुसराच कुणी, पोरगेला,
उसाच्या फडाला आग हवी म्हणणारा.
हा आपला गणपती पेठेतल्या एसटीडी बूथमध्ये,
काचेला कपाळ टेकून.
मीटरचे लाल आकडे पळत होते
आणि त्याचा आवाज लहान लहान होत होता.
भाषा आम्हाला येत नव्हती.
उसनवारी ऐकून कळते.
पेवाकडं एकदाही फिरकला नाही.
सोळाव्या दिवशी सगळं गुंडाळलं;
सिकंदर मुजावरच्या गाडीभाड्याची बाकी
त्यानं मनगटावरनं काढून दिली.
घड्याळ अजून चालतंय. सिकंदर नाही.

मग पाच सालचा पूर.
पेव फुटलं, असं लोक कशालाही म्हणतात,
पुढाऱ्यांना, शिकवण्यांना.
आम्ही ती खरीच फुटताना ऐकली,
रात्रभर, एकामागनं एक,
आणि सकाळी कृष्णा
काठाकाठानं पिवळी होती.

पुढच्या उन्हाळ्यात तो एसटीतनं उतरला. एकटा.
काठी, आणि शाळकरी पोरांची असते तसली रेघांची वही.
आता काय, साहेब? मी मोडक्या हिंदीत.
लेखक, तो माझ्याहून मोडक्या हिंदीत,
आणि चोरी पकडल्यासारखा हसला.
याला भांडवल लागत नाही.
ते चित्र? प्रती कर्जात गेल्या.
मूळ रीळ आंबलंय. डबा उघडला की नाक धरावं लागतं.

म्हणून विचारत राहिला.
अप्पा आधी कुठला पाय टाकायचे?
दोर काथ्याचा की अंबाडीचा?
खाली गेल्यावर खोकायचे का?
उजवा. अंबाडीचा. खोकायचे.
सगळंच मला आठवत नव्हतं,
काही मी ठोकून दिलं. त्याला कळलं असावं;
त्यानं तेही लिहून घेतलं.

जायच्या दिवशी म्हणाला, आरसा आहे?
शिवाप्पाच्या नातवाकडनं आणला, कड तुटलेला.
अकरा वाजता, जिथं पेव होतं
तिथल्या सपाट, तडकलेल्या गाळावर
मी उजेडाचा तुकडा धरून उभा राहिलो.
तो काठीवर हनुवटी टेकून बघत बसला.
वही मिटलेली.
उजेड हलायला लागला.
हात दुखतोय का, त्यानं विचारलं.
सत्तावीस वर्षांत पहिल्यांदा.
मी नाही म्हटलं.